प्रभाग समिती, क्षेत्रसभा आणि महापालिकेचं अंदाजपत्रक: नाशिककरांनी कुठे, कधी आणि कोणत्या कागदावर बोलायचं?

रविवार_कारंजा (धागाकर्ता)

मार्च २०२२ मध्ये मागच्या सभागृहाची मुदत संपली, मतदान झालं ते थेट जानेवारी २०२६ मध्ये. मधली जवळपास चार वर्षं राजीव गांधी भवनात (महापालिकेच्या मुख्यालयात) महासभाही प्रशासकच आणि स्थायी समितीही प्रशासकच. आता ३१ प्रभागांतून १२२ नगरसेवक आले, त्यामुळे लोकशाही परत आली असं सगळीकडे ऐकू येतंय. माझं मत थोडं वेगळं आहे. मतदानानं खुर्च्या भरल्या, एवढंच. दोन निवडणुकांच्या मधल्या काळात नागरिकानं बोलावं म्हणून कायद्यानं काही दारं ठेवलीत, ती २०२२ च्या आधी तरी कुठे उघडी होती? त्या दारांबद्दल हा धागा. "सिस्टीमच सडलेली आहे" छापाचे प्रतिसाद कृपया दुसरीकडे.

आधी चौकट. ७४ वी घटनादुरुस्ती १ जून १९९३ पासून लागू झाली. तिच्यातल्या कलम २४३-एस नुसार तीन लाख किंवा त्याहून जास्त वस्तीच्या शहरात प्रभाग समित्या नेमणं बंधनकारक. आपल्याकडे ते महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम २९अ मध्ये उतरलं. नाशिकचे सहा विभाग, प्रत्येकाला एक प्रभाग समिती: पूर्व, पश्चिम, पंचवटी, नाशिकरोड, सिडको आणि सातपूर. प्रभाग समितीत त्या भागातले नगरसेवक असतात, प्रभागाचा अधिकारी असतो, आणि त्या भागात समाजकार्य करणाऱ्या मान्यताप्राप्त संस्थांमधून नगरसेवकांनी नामनिर्देशित केलेले जास्तीत जास्त तीन सदस्य. हे तिघं त्याच भागातले मतदार हवेत. ही तीन जागांची गोष्ट बहुतेकांना माहीतच नाही, आणि ज्यांना माहीत आहे ते सहसा सांगत नाहीत.

समितीची कामं तीन. पाणी, मलनिस्सारण, स्वच्छता, पावसाळी पाण्याचा निचरा यांच्या तक्रारी लवकर सोडवणं. आपल्या प्रभागांचे खर्चाचे अंदाज आयुक्तांकडे जाण्यापूर्वी तपासून त्यावर शिफारस करणं. आणि अंदाजपत्रकात तरतूद असेल तर पाच लाखांपर्यंतच्या कामांना प्रशासकीय मान्यता आणि आर्थिक मंजुरी देणं. माझ्या मते दुसरं काम सगळ्यात मोलाचं, आणि तेच सगळ्यात कमी होतं. बैठका भरतात त्या पहिल्या कामासाठी. पाणी येत नाही, घंटागाडी येत नाही, अधिकारी "बघतो" म्हणतात, चहा येतो, बैठक संपते.

आता वेळापत्रक. आयुक्त अंदाजपत्रक स्थायी समितीला देतात, स्थायी ते महासभेकडे पाठवते. कराचे दर २० फेब्रुवारीपर्यंत ठरवायचे असतात (कलम ९९). म्हणजे खातेप्रमुखांची मागणी त्याच्या बरीच आधी, साधारण दिवाळीच्या मागेपुढे गोळा होते. मार्चमध्ये महासभेत चर्चा चालू असताना सूचना देणं म्हणजे पंगत बसल्यावर आचाऱ्याला बेत सांगणं. विभागीय कार्यालयात सूचना टेकली पाहिजे ती ऑक्टोबर-नोव्हेंबरात.

आणि सूचना म्हणजे काय? "आमच्या भागातले पदपथ सुधारा" ही इच्छा झाली. सूचनेत कुठून कुठपर्यंत ते हवं, लांबी-रुंदी हवी, जागा कोणाची ते हवं, लेखाशीर्ष (अंदाजपत्रकातलं खर्चाचं खातं) हवं आणि किती लोकांना उपयोग ते हवं. उदाहरणार्थ: अमुक शाळेच्या फाटकापासून अमुक बसथांब्यापर्यंत, एका बाजूनं, २०० मीटर लांब, १.८ मीटर रुंद, म्हणजे ३६० चौरस मीटर पदपथ, जागा महापालिकेच्या मंजूर रस्त्याच्या हद्दीत. हे वाचून कनिष्ठ अभियंता जागेवर जाऊ शकतो. पहिलं वाचून तो फक्त फाईल बंद करू शकतो.

जाणकारांनी भर घालावी.

---

गंगापूररोड_डावीकडे

रुमाल टाकून ठेवतो. चांगला धागा.

---

कलम_बहाद्दर

धागाकर्त्यानं क्षेत्रसभेचं नाव शीर्षकात घेतलं आणि मजकुरात विसरले, म्हणून लिहितो.

२००९ च्या दुरुस्तीनं २९ब आणि पुढची कलमं आली. काही मतदान केंद्रं मिळून एक 'क्षेत्र', त्यातले सगळे मतदार म्हणजे क्षेत्रसभा, अध्यक्ष नगरसेवक. गावातल्या ग्रामसभेचं शहरी रूप, अशी कल्पना. ही दुरुस्ती काही आपल्या सरकारला स्वतःहून सुचली नव्हती. २००५ च्या डिसेंबरात केंद्राची नागरी पुनरुत्थान योजना (जेएनएनयूआरएम) आली, नाशिक तिच्यात होतं, आणि निधी हवा तर लोकसहभागाचा कायदा आणि माहिती उघड करण्याचा कायदा करा अशी अट होती. कायदा झाला, निधी आला, रस्ते-पाईप झाले. क्षेत्रसभा कागदावर राहिल्या.

यात एक रचनेचीच गोम आहे. क्षेत्रसभेची कल्पना एका प्रभागाला एक नगरसेवक असं गृहीत धरते. आपल्याकडे बहुतेक प्रभागांत चार नगरसेवक. २०११ च्या जनगणनेनं शहराची लोकसंख्या १४ लाख ८६ हजार. ३१ नं भागा: सरासरी ४८ हजारांचा प्रभाग. सभा कोणी बोलवायची? चौघं चार पक्षांचे असतील तर एकानं बोलावलेली सभा उरलेल्या तिघांना त्या एकाचा प्रचार वाटते. चौघं एकाच पक्षाचे असतील तर त्यांनी आपसात भाग वाटून घेतलेलेच असतात, पण ती वाटणी कुठे लिहिलेली नसते. नागरिकानं पहिली मागणी हीच करावी की अध्यक्ष कोण आणि त्याच्याकडे कोणती मतदान केंद्रं, ते लेखी जाहीर करा. त्याला एक पैसा लागत नाही.

---

सातपूरकर

'जागा कोणाची' हा मुद्दा तुम्ही एका शब्दात उरकलात, पण निम्म्या सूचना तिथेच मरतात.

नाशिकमध्ये रस्ता दिसतो एकसारखा, मालक वेगवेगळे. मुंबई-आग्रा महामार्ग, त्यावरचा उड्डाणपूल आणि सर्व्हिस रोड राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणाच्या अखत्यारीत. सातपूर-अंबड औद्योगिक वसाहतीत एमआयडीसी. जुन्या कालव्यालगतची जमीन जलसंपदा विभागाची. देवळाली कॅम्पला छावणी परिषद, तिथे महापालिकेचा संबंध नाही. सिडकोच्या योजना महापालिकेकडे आल्या तरी घरांच्या जमिनीच्या कागदावर सिडको अजून आहेच. शिवाय खासगी ले-आऊटमधले अंतर्गत रस्ते, जे अजून महापालिकेकडे हस्तांतरितच नाहीत.

विकास आराखड्यातला रस्ता नकाशावर असतो, मोजणीही झालेली असते, पण भूसंपादन झालेलं नसतं. तिथे डांबर टाका म्हटलं की शेरा येतो 'जागा ताब्यात नाही', आणि तो शेरा खरा असतो.

म्हणून सूचना लिहिण्याआधी नगररचना विभागातून त्या जागेचा आराखड्यातला भाग नकाशा घ्यावा. अर्जात सर्व्हे नंबर किंवा गट नंबर असला की फाईल जागा कोणाची हे विचारण्यासाठी तीन महिने फिरत नाही.

---

मोजपट्टी

अंदाजपत्रकाचं अंतरंग थोडं सांगतो.

१) सूचना मान्य झाली म्हणजे तरतूद झाली असं नाही. तरतूद झाली म्हणजे काम होईल असंही नाही. मोठ्या कामांपुढे 'टोकन तरतूद' टाकायची जुनी सवय आहे. काम कोटीचं, पुढे आकडा लाखाचा. काम यादीत आल्याचं समाधान सगळ्यांना, प्रत्यक्षात निविदा निघायला पैसा नाही. यादीत नाव बघून फटाके फोडू नका, रकमेचा रकाना बघा.

२) दायित्व. मागच्या वर्षांत कार्यारंभ आदेश दिलेल्या कामांची बाकी देणी नव्या वर्षाच्या त्याच लेखाशीर्षातून जातात. रस्त्यांच्या शीर्षात रक्कम मोठी दिसते, त्यातलं दायित्व वजा केलं की नव्या कामांना काय उरतं ते कळतं. प्रभाग समितीत विचारायचा सगळ्यात नेमका प्रश्न: "या लेखाशीर्षात तरतूद किती, दायित्व किती, शिल्लक किती?" तीन आकडे. हे मागितले की बैठकीचा सूर बदलतो.

३) दर. सार्वजनिक बांधकाम विभागाची दरसूची (डीएसआर) असते, अभियंता त्यावरून प्राकलन (खर्चाचा अंदाज) करतो. नागरिकांनी बाजारभावानं स्वतःचा खर्च लिहू नये. तो चुकतो आणि मग त्या एका चुकीवर अख्खी सूचना फेटाळली जाते. परिमाण अचूक द्या, रक्कम त्यांना काढू द्या.

४) गतिरोधक. सगळ्यात जास्त मागणी याचीच, आणि सगळ्यात जास्त घोळही याचाच. इंडियन रोड्स काँग्रेसच्या मानकातला गोल माथ्याचा गतिरोधक ३.७ मीटर रुंद आणि १० सेंटिमीटर उंच असतो, साधारण २५ किलोमीटर वेगासाठी. आपल्याकडे लोकाग्रहास्तव जे टाकतात ते अर्ध्या रुंदीचे आणि दीडपट उंचीचे. मग पाठदुखीवाले तक्रार करतात आणि तोच गतिरोधक वर्षभरात खरवडला जातो. दोन्ही वेळा पैसा आपलाच. मागणी करताना वाहतूक पोलिसांचं मत जोडा, आधी सूचनाफलक आणि पांढरे पट्टे मागा.

५) पदपथ १.८ मीटर म्हणजे मोकळी रुंदी. विजेची डीपी (पेटी), विजेचा खांब, झाडाचं आळं, फलक सोडून १.८. प्राकलनात एकूण रुंदी १.८ धरतात आणि मग मधोमध रोहित्र. सूचनेत 'मोकळी रुंदी' हे दोन शब्द लिहाच. पदपथाची रस्त्यापासूनची उंची १५ सेंटिमीटरपेक्षा जास्त नको, नाहीतर म्हातारी माणसं रस्त्यावरूनच चालणार.

---

जुनं_नाशिक

सगळं बरोबर, पण एक प्रश्न. या बैठकांना येतं कोण?

दुपारी बाराची बैठक. निवृत्त अधिकारी, सोसायट्यांचे चेअरमन, दोन-तीन संस्थावाले. फुलेनगर, भीमवाडी, काझीच्या गढीवरचं माणूस त्या वेळी कामावर असतं, रोज बुडवून येणं परवडत नाही. मग अंदाजपत्रकात जॉगिंग ट्रॅक येतो आणि सार्वजनिक शौचालयाची दुरुस्ती मागे पडते. लोकसहभाग म्हणून जे मोजलं जातं ते बऱ्याचदा रिकामा वेळ असलेल्यांचा सहभाग असतं.

२०१८ मध्ये तुकाराम मुंढे आयुक्त असताना 'वॉक विथ कमिशनर' झालं. आयुक्त मैदानात, लोकांच्या हातात टोकन, तक्रार तिथल्या तिथे नोंद. तक्रारींसाठीचं महापालिकेचं ई-कनेक्ट ॲपही त्याच सुमारास चर्चेत. शिस्त आली हे मान्य. पण त्या सगळ्यात नागरिक हा तक्रारदार होता. पथदिवा बंद आहे हे सांगायला ॲप पुरे. पथदिवे आधी कोणत्या गल्लीत लावायचे हे ठरवायला ॲप चालत नाही. त्याच वर्षी घरपट्टीच्या करयोग्य मूल्याचा वाद पेटला तेव्हा महासभा एकीकडे आणि आयुक्त दुसरीकडे होते. नागरिक मोर्चात होते, कारण दर ठरण्याच्या आधी बोलायची जागाच कोणाला माहीत नव्हती.

---

रविवार_कारंजा

@जुनं_नाशिक, वेळेचा मुद्दा शंभर टक्के मान्य. उपाय: सभा वस्तीतच, अंगणवाडी किंवा समाजमंदिरात, संध्याकाळी सातनंतर किंवा त्या भागातल्या साप्ताहिक सुटीला. (सातपूर-अंबडला कारखान्यांची सुटी शनिवारी असते, रविवारी नव्हे. हे न बघता बैठक लावली तर निम्मे लोक ड्युटीवर.) बायकांची बैठक वेगळी आणि आधी. पाणी किती वाजता येतं आणि शौचालयाला कडी आहे का, हे पुरुषांच्या सभेत कोणी बोलत नाही.

शिवाय अंदाजपत्रकात ज्या रकमा आधीच बांधलेल्या आहेत त्या वस्तीत सांगितल्या पाहिजेत: महिला व बालकल्याणासाठी ५ टक्के, दिव्यांगांसाठी ५ टक्के. या शीर्षांवर मागणी कमी येते, मग वर्षअखेरीला घाईनं खरेदी होते. शिलाई मशीन का वाटतात, याचं उत्तर बरंचसं तिथे आहे.

---

पेठरोड

शहरवाल्यांना ग्रामसभेचा हेवा वाटतो, म्हणून दोन्ही बाजू सांगतो.

ग्रामसभेला गणपूर्ती लागते: मतदारांच्या १५ टक्के किंवा १००, यातलं जे कमी असेल ते. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या तारखा लोकांच्या डोक्यात बसलेल्या. ग्रामसभेआधी महिलांची सभा. पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वर, कळवण भागात पेसा (आदिवासी भागातल्या ग्रामसभांना जादा अधिकार देणारा कायदा) लागू असल्यानं (राज्याचे नियम २०१४ चे) पाड्याचीही स्वतंत्र ग्रामसभा होऊ शकते, आणि २०१५ पासून आदिवासी उपयोजनेतला ५ टक्के निधी त्या गावांना थेट मिळतो. पैसा हातात असला की सभेला माणसं येतात, हे तिथे डोळ्यांनी दिसतं.

आता दुसरी बाजू. गणपूर्ती झाली नाही की सभा तहकूब, आणि तहकूब सभेला गणपूर्तीची अट नाही. त्यामुळे काही ठिकाणी पहिली सभा मुद्दाम पाडतात. विषयपत्रिका ऐन वेळी फळ्यावर. ठराव वहीत आधीच लिहिलेला, सह्या नंतर घरोघरी. शहरात क्षेत्रसभा सुरू झाली की हे सगळे डाव तिथेही येतील. एकच पथ्य: ठराव सभेतच वाचून दाखवायचा, शेवटच्या ओळीखाली रेघ मारायची, मोबाईलवर पानाचा फोटो काढायचा आणि मगच उठायचं.

---

कलम_बहाद्दर

+१. रेघ मारायची सूचना फार कामाची. महापालिकेतही 'जादा विषय' म्हणून जे शेवटच्या क्षणी येतं ते इतिवृत्तात कसं उमटतं ते बघण्यासारखं असतं.

महासभा नागरिकांना खुली असते. अधिनियमाच्या अनुसूचीतच आहे: हजर सदस्यांच्या बहुमतानं वेगळं ठरवलं नाही तर सभा लोकांसाठी खुली. प्रेक्षक गॅलरीत बसून नोंदी घ्या. आणि एखादा ठराव बेकायदा वाटला तर कलम ४५१ खाली शासनाला तो निलंबित किंवा विखंडित (रद्द) करता येतो, त्यासाठी नगरविकास विभागाकडे निवेदन देता येतं. जपून वापरा मात्र. हे हत्यार नागरिकांपेक्षा सत्ताधाऱ्यांनीच जास्त वापरलंय, आणि प्रत्येक वेळी निवडून आलेल्या सभागृहाचा निर्णय मंत्रालयात फिरवणं हे काही लोकशाहीचं भलं नव्हे.

---

झाडपाला

हरकती हा सहभागाचाच प्रकार आहे, त्यावर लिहितो. नोव्हेंबर २०२५ मध्ये तपोवनात साधुग्रामासाठी (कुंभमेळ्यातल्या साधूंच्या वस्तीसाठी) सुमारे १८०० झाडांचा विषय आला तेव्हा शेकड्यांनी हरकती आल्या. संख्या पाहून बरं वाटलं. पण बऱ्याच हरकती एकाच मजकुराच्या होत्या. अशा हरकती सुनावणीत एकत्र बांधून एकाच उत्तरात निकाली निघतात.

झाडं तोडण्याच्या नोटिशीवर हरकतीला मुदत सात दिवसांची. एवढ्यात करायचं काय? नोटीस आली त्याच दिवशी झाडांची यादी मागा: क्रमांक, प्रजाती, बुंध्याचा घेर, अंदाजे वय. मग जागेवर जाऊन ताडून बघा. घेर छातीच्या उंचीवर, जमिनीपासून १.३७ मीटरवर मोजायचा. वय महत्त्वाचं दोन कारणांनी. वृक्ष संरक्षण कायद्याच्या २०२१ च्या दुरुस्तीनं ५० वर्षं किंवा त्याहून जुनं झाड 'वारसा वृक्ष' ठरतं, आणि तोडलेल्या झाडाच्या वयाइतकी नवी झाडं लावायची असतात. यादीत वय कमी लिहिलं की दोन्ही बंधनं हलकी होतात. म्हणून हरकत अशी लिहा: झाड क्रमांक अमुक, यादीत घेर एवढा, जागेवर एवढा, फोटो जोडला आहे, फेरतपासणी करावी. अशा दहा हरकती छापील पाचशेंना भारी पडतात, कारण प्रत्येकीला वेगळं उत्तर द्यावं लागतं.

पर्याय सुचवणारी हरकत आणखी वजनदार. मंडप तीन मीटर सरकवला तर किती झाडं वाचतात, ते नकाशावर दाखवा.

---

नकाशा_वाचक

विकास आराखड्याचंही तेच. सध्याचा सुधारित आराखडा २०१७ मध्ये मंजूर झालेला. प्रारूप आराखड्यावर हरकतीला ३० दिवस (एमआरटीपी म्हणजे महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम १९६६, कलम २६). सुनावणी घेणाऱ्या नियोजन समितीत स्थायी समितीचे तीन सदस्य आणि नगररचना संचालकांनी नेमलेले जास्तीत जास्त चार तज्ज्ञ. पण आराखडा वीस वर्षांतून एकदा येतो. रोजचा खेळ कलम ३७ च्या फेरबदलांत चालतो. बागेचं आरक्षण बदलून दुसरं काही करायचं तर वर्तमानपत्रात बारीक अक्षरातली नोटीस येते आणि हरकतीला एक महिना. ती नोटीस कोण वाचतं? प्रत्येक प्रभागात दोन माणसांनी फक्त जाहीर नोटिसांचं पान रोज वाचायचं काम घेतलं तरी बरंच पदरात पडेल.

आणि कलम १२७. आराखडा मंजूर होऊन दहा वर्षांत आरक्षित जागा घेतली नाही तर मालक नोटीस देतो, त्यानंतर २४ महिन्यांत संपादनाची पावलं उचलली नाहीत तर आरक्षण आपोआप व्यपगत, म्हणजे रद्द. २०१७ चा आराखडा, म्हणजे २०२७ पासून या नोटिसांचा ओघ सुरू होणार. तुमच्या प्रभागात मैदान, शाळा, दवाखाना यांची कोणती आरक्षणं अजून ताब्यात नाहीत त्याची यादी आत्ताच काढा आणि येत्या अंदाजपत्रकात भूसंपादनाच्या शीर्षाखाली प्राधान्यक्रम मागा. रस्त्याचा खड्डा पुढच्या वर्षीही बुजवता येतो. गेलेलं मैदान परत येत नाही.

---

अर्ज_विनंत्या

माहिती कशी काढायची, थोडक्यात.

माहितीचा अधिकार वापरण्याआधी सोमवार वापरा. शासनाच्या नोव्हेंबर २०१८ च्या निर्णयानुसार जिल्हास्तरीय कार्यालयांत आणि स्थानिक स्वराज्य संस्थांत दर सोमवारी दुपारी ३ ते ५ नागरिकांना अभिलेख पाहता येतात. जाताना त्या निर्णयाची प्रत खिशात असू द्या, कारण टेबलावरच्या माणसाला तो बहुधा माहीत नसतो.

नाहीच जमलं तर अर्ज. महाराष्ट्रात २०१२ पासून एक अर्ज एक विषय, १५० शब्दांच्या आत. शुल्क १० रुपये, प्रती २ रुपये पान. तीस दिवसांत उत्तर नाही तर ३० दिवसांत पहिलं अपील, त्यानंतर ९० दिवसांत दुसरं, राज्य माहिती आयोगाचं खंडपीठ नाशिकलाच आहे. लोक 'का' विचारतात तिथे फसतात. "रस्ता का झाला नाही?" याला उत्तर मिळत नाही. कागद मागा: प्राकलन, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेची पानं, चाचणी अहवाल, दोषदायित्व कालावधी (ज्या मुदतीत ठेकेदारानं दोष स्वखर्चानं दुरुस्त करायचे) कधी संपतो ते. कलम २(ञ) खाली कामाची पाहणी आणि साहित्याचे प्रमाणित नमुनेही मागता येतात, हे फार कमी जण वापरतात.

लोकशाही दिन महिन्याच्या पहिल्या सोमवारी. अर्ज विहित नमुन्यात १५ दिवस आधी द्यावा लागतो, त्या दिवशी सरळ जाऊन उभं राहिलं तर परत पाठवतात. न्यायप्रविष्ट आणि सेवाविषयक प्रकरणं तिथे चालत नाहीत.

---

मोजपट्टी

भर: काम चालू असताना बघायचं असेल तर डांबराचं तापमान. व्हीजी-३० डांबराचा माल पसरताना किमान १४० अंश हवा, रोलर फिरून संपताना ९० च्या खाली जाऊ नये. काँक्रीटला १५ सेंटिमीटरचे ठोकळे, ७ आणि २८ दिवसांच्या चाचण्या. पावसाच्या तोंडावर रात्री लांबून आणलेला माल गार होतो, तिथेच पुढच्या जुलैचे खड्डे पेरले जातात. तुम्ही नुसतं "तापमानाची नोंदवही दाखवा" म्हणालात तरी मुकादम सावध होतो. भांडू मात्र नका, काम थांबवायचा अधिकार आपल्याला नाही.

---

इंदिरानगर_बोगदा

पुण्यात नागरिकांकडून अंदाजपत्रकासाठी अर्ज मागवतात ना? तसं इथे का नाही?

---

रविवार_कारंजा

पुण्यात २००६-०७ पासून आहे. नागरिक अर्ज देतात, एका कामाला पाच लाखांची मर्यादा, क्षेत्रीय कार्यालय छाननी करतं, प्रभाग समिती निवडते. चांगलं आहे, पण छोटं आहे. बाकडी, फलक, पदपथ, बसथांबा. अर्जाला 'नाही' म्हटलं तर कारण कळतंच असं नाही.

केरळनं १९९६ मध्ये उलट्या टोकानं सुरुवात केली. आधी राज्याच्या योजना खर्चाचा ३५ ते ४० टक्के वाटा स्थानिक संस्थांना द्यायचं ठरवलं आणि मग लोकांना सभेला बोलावलं. ब्राझीलच्या पोर्तो आलेग्रेतही १९८९ पासून लोकांनी ठरवलेली कामं थेट अंदाजपत्रकात जात होती. वर पेठरोड म्हणाले तेच. म्हणून नाशिकला माझी मागणी नव्या समितीची नाहीच. सहाही विभागांना ठराविक रक्कम आधी जाहीर करा, ती वस्तीच्या संख्येवर आणि सोयींच्या कमतरतेवर वाटा, आणि फेटाळलेल्या प्रत्येक सूचनेपुढे एका ओळीत कारण छापा.

---

सातपूरकर

रक्कम वाटण्यावरून सहा विभागांत जुंपेल ते वेगळंच. नगरसेवक स्वेच्छा निधी सोडायला तयार होतील असं वाटत नाही.

आणि एक राहिलं. २०२७ चा कुंभमेळा. त्यासाठी २०२५ मध्ये कायद्यानं नाशिक-त्र्यंबकेश्वर कुंभमेळा प्राधिकरण झालं, प्रमुख विभागीय आयुक्त. शहरातली मोठी कामं त्या वाटेनं जाणार असतील तर प्रभाग समितीत आपण पाच लाखांच्या गटारावर चर्चा करत बसणार का?

---

कलम_बहाद्दर

प्राधिकरण हेही सार्वजनिक प्राधिकरणच. माहिती अधिकाराच्या कलम ४(१)(ग) आणि (घ) नुसार लोकांवर परिणाम करणारा निर्णय घेताना त्यातली वस्तुस्थिती आणि बाधितांना कारणं स्वतःहून जाहीर करणं त्यांच्यावरही बंधनकारक आहे. घाट, रस्ते, पार्किंग यांच्या कामांची प्रभागनिहाय यादी मागा आणि कुंभ संपल्यावर देखभाल कोणाकडे, कोणत्या लेखाशीर्षातून, हे आत्ताच लेखी घ्या. उत्सवानंतर वीजबिल महापालिकेकडेच येतं.

---

इंदिरानगर_बोगदा

प्रभाग समितीला द्यायच्या पत्राचा नमुना कोणी देईल का?

---

अर्ज_विनंत्या

घ्या. एका पानाच्या वर जाऊ देऊ नका.

> प्रति, मा. सभापती, प्रभाग समिती, ______ विभाग, नाशिक महानगरपालिका.
> मार्फत: विभागीय अधिकारी.
> विषय: सन ____ च्या अंदाजपत्रकासाठी काम सुचवणे (महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, कलम २९अ).
> १. कामाचे नाव व ठिकाण (कुठून कुठपर्यंत), प्रभाग क्रमांक.
> २. परिमाण: लांबी, मोकळी रुंदी, नग.
> ३. जागेची मालकी, सर्व्हे / गट नंबर, भाग नकाशा जोडला आहे.
> ४. अपेक्षित लेखाशीर्ष, त्यातील तरतूद, दायित्व व शिल्लक कळवावी.
> ५. लाभार्थी: घरे, शाळा, दवाखाना.
> ६. हा विषय समितीच्या पुढील बैठकीच्या विषयपत्रिकेवर घ्यावा व निर्णय कारणांसह लेखी कळवावा.
> सहपत्रे: फोटो ३, नकाशा १, रहिवाशांच्या सह्या (नाव, पत्ता, मतदार यादीतील भाग क्रमांक).

दोन प्रती. एकीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेऊनच निघायचं. "शिक्का साहेबांकडे आहे" असं सांगितलं तर तीच प्रत टपालानं रजिस्टर एडीनं पाठवा. चौथा मुद्दा गाळू नका, नकोसा वाटला तरी.

---

इंदिरानगर_बोगदा

आभार. सह्यांसोबत भाग क्रमांक कशाला?

---

कलम_बहाद्दर

क्षेत्रसभेचं क्षेत्र मतदान केंद्रांवर ठरतं म्हणून. सह्या केंद्रनिहाय लावल्यात की हा विषय कोणत्या क्षेत्रसभेचा, ते पत्रातच सिद्ध होतं आणि चौघांपैकी कोणत्या नगरसेवकानं सभा बोलवायची हा प्रश्न त्यांना टाळता येत नाही. मतदार यादी राज्य निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर प्रभागनिहाय बघता येते. बुथचं नाव नीट तपासा, शाळा एकच आणि खोल्या वेगळ्या असतात.